दारं काढून नेलेलं गाव

नवी दिल्ली
१२ मे २०२५

प्रिय स्वरूपाताई,

पत्र पाहून दचकू नकोस, कोणी गेलेलं नाही. माझी आई बरी आहे. सरलामावशीही बरी आहे. सरलामावशी म्हणजे तुझी आई. नऊ वर्षांत तुम्ही एकमेकींशी बोलला नाहीत म्हणून आठवण करून दिली. आमच्यापैकी कोणाचाच फोन तू उचलत नाहीस, आणि मला जे हवंय ते लेखीच हवंय, म्हणून हा पोस्टाचा खटाटोप.

काम असं आहे. आमच्या नियोजन कार्यालयाने राजधानी परिसरातल्या सीमेवरच्या गावांची माहिती मागवली आहे. यमुनेच्या एका काठाला हरियाणा, दुसऱ्या काठाला उत्तर प्रदेश, आणि मधे जी खेडी लोंबकळतायत त्यांचं काय करायचं ते आता ठरेल. काहींना पूल-शाळा मिळेल, काहींची नावं यादीतून जातील. माझ्या वाट्याला आलेल्या गावांत तुझं बेलाखादर आहे. नकाशावर ते शोधण्यात माझी सकाळ गेली. सापडलं तेव्हा वाटलं कागदावर माशी बसून गेली असेल; नखाने खरवडून पाहिलं.

तू आपल्या घरातली सगळ्यात हुशार मुलगी. भूगोलात एम.ए. केलंस, मुनिरक्यात खोली घेऊन राहिलीस, आणि शेवटी लग्न करून पुस्तकातल्या गाळात जाऊन बसलीस. जगबीररावांबद्दल मला काही म्हणायचं नाही, खरबुजं उत्तम पिकवतात असं ऐकतो. पण त्या शिक्षणाचा आता तरी उपयोग होऊ दे. एक पान लिहून पाठव: भूगोल, हवामान, प्रशासन. क्रम हाच ठेव आणि विशेषणं नकोत. म्हणजे या उन्हात मला तिथवर यायला नको. माझं प्रमोशन तोंडावर आलंय, यार. लू लागून पडलो तर तुझं गाव मला भरून देणार आहे का?

तुझा,
नचिकेत


बेलाखादर
२८ मे २०२५

चि. नचिकेत,

उंटावरून शेळ्या हाकणारे पुष्कळ पाहिले. तू तर उंटसुद्धा दुसऱ्याचा मागतोस.

हे घे तुझं पान.

भूगोल. गाव यमुनेच्या खादरात आहे, म्हणजे नदी दरवर्षी जी जमीन घेते आणि मनात आलं तर परत देते, तिच्यावर. जगबीरच्या आजोबांच्या वेळी नदी गावाच्या पूर्वेला वाहत होती. मग एका पुरात तिने गावाला वळसा घातला आणि ती पश्चिमेला जाऊन बसली. जुन्या पात्रात आता सरकंड्याच्या उंच गवताचं रान आहे. त्यामुळे कागदोपत्री आम्ही हरियाणाचे, पण हरियाणाला जायचं तर नदी ओलांडावी लागते. उत्तर प्रदेशात जायला आठ महिने नुसते पाय लागतात, उरलेले महिने जुनं पात्रही भरतं आणि आम्ही बेटावर. सीमेचे खांब सरकार पुरतं आणि नदी उपटून नेते. एकच खांब शिल्लक आहे. त्याला चुलतसासऱ्यांनी म्हैस बांधली आहे, म्हणून तो जागचा हललेला नाही.

हवामान. सध्या लू आहे. वाळू इतकी तापते की खरबूज वेलीवरच कोमट होतं. जुलैत पूर. नोव्हेंबरात धूर. दिल्लीवाले म्हणतात तो आमच्याकडून येतो, इथून पाहिलं तर तो दिल्लीकडून येताना दिसतो. जानेवारीत धुकं. तेव्हा मी शाळेत हजेरी घेते ती आवाज ओळखून.

प्रशासन. हरियाणाचा पटवारी म्हणतो, नदी सरकली, आता तुम्ही पलीकडचे. उत्तर प्रदेशाचा लेखपाल, म्हणजे तिथला तलाठी, म्हणतो, नदी सरकली म्हणून कागद सरकत नाही. मतं मागायला मात्र दोन्हीकडचे येतात आणि दोघेही खरबुजं फुकट नेतात. शाळा हरियाणाची, विजेचा खांब उत्तर प्रदेशाचा, औषधाची बाई कोणाचीच नाही. दोन्ही घरचा पाहुणा उपाशी, ही म्हण आमच्यासाठीच केलेली असणार. सरपंच बाई आहेत. सही त्यांच्या नवऱ्याची असते आणि अक्कल त्यांच्या सासूची, म्हणून गाव चालतं. वस्ती सहाशेच्या आसपास.

आता तुझ्या क्रमात नसलेली गोष्ट सांगते. गावाचं नाव यादीत आहे तोवर इथे शाळा आहे आणि मी तिथली मास्तरीण आहे. नाव गेलं तर शाळा नदीपलीकडच्या शाळेत जोडतील. सहा-सात वर्षांची पोरं नावेतून जाणार नाहीत, आणि मुलींना तर कोणी पाठवणारच नाही. तुझ्या एका ओळीवर माझ्या वर्गातल्या सगळ्या मुली अवलंबून आहेत. हे लिहिताना हात जोडलेले नाहीत. दात आवळलेले आहेत.

स्वतः ये आणि बघ. नदीवर पीप्यांचा पूल आहे, म्हणजे लोखंडी पिंपांवर फळ्या टाकलेला. जूनच्या मध्यावर तो काढून ठेवतात. त्याआधी आलास तर बूटही भिजणार नाहीत.

स्वरूपा


नवी दिल्ली
१० जून २०२५

प्रिय ताई,

तुझं पत्र मी जेवताना आईला वाचून दाखवलं. आम्ही म्हशीपाशी खूप हसलो. पण साहेबांना हे देता येणार नाही. मी मागितलं होतं पान आणि तू दिलंस भाषण. त्यातून 'वाळूमिश्रित गाळाची जमीन' एवढं घेतलं, बाकीचं ठेवून दिलं.

साहेबांना फोटोही हवेत. तेव्हा फील्ड व्हिजिट करावीच लागणार, पण या महिन्यात बिल्कुल शक्य नाही. प्रमोशनचे इंटरव्ह्यू आहेत. आणि खरं सांगू? पिंपांवर ठेवलेल्या फळ्यांवरून चालत जायला मी काही सर्कशीत नाही.

मावशी तशीच आहे. पहाडगंजच्या शाळेतल्या तिच्या जुन्या मैत्रिणी भेटल्या की अजून सांगते, स्वरूपा कॅनडात असते. एकीने विचारलं, नातवंडं? मावशी म्हणाली, तिकडे थंडी फार. ऐकून मला तुझी कीव आली आणि तिचीही. थोडी त्या मैत्रिणीचीसुद्धा.

तुझा,
नचिकेत


बेलाखादर
२१ जून २०२५

नचिकेत,

पूल काढला. आता यायचं असेल तर आधी कळव. मी नाव पाठवीन, जगबीर स्वतः वल्हवील. न कळवता येऊ नकोस. हरियाणाच्या काठावर उभं राहून गाव दिसतं, पण नुसतं दिसतं.

कीव तुझ्याकडेच ठेव. आमच्याकडे ठेवायला कोरडी जागा नाही.

आईच्या कॅनडाबद्दल मला परत लिहू नकोस.

स्वरूपा


नवी दिल्ली
१८ सप्टेंबर २०२५

प्रिय ताई,

हे पत्र तुला कुठे मिळेल माहीत नाही. जुन्या पत्त्यावरच टाकतोय, कोणीतरी पुढे पाठवेल.

मी येऊन गेलो! मागच्या आठवड्यात ऑफिसची गाडी मिळाली, ड्रायव्हरला घेतलं आणि हरियाणाच्या बाजूच्या बांधावर पोचलो. तुला सरप्राइज द्यावं म्हणून कळवलं नव्हतं. आईने तुझ्यासाठी चिवडाही दिला होता. समोर गढूळ पाणी, त्याच्यापलीकडे तुझं गाव. माणूस नाही, गुरं नाहीत, चुलीचा धूर नाही. कॅमेऱ्याने जवळ आणून पाहिलं आणि मी चाट पडलो. एकाही घराला दार नाही! नुसत्या चौकटी. लोक गाव सोडून गेले आणि दारंसुद्धा उपसून घेऊन गेले. कुत्रंही भुंकलं नाही. ड्रायव्हर म्हणाला, "सर, यहाँ तो भूत भी किराये पे ना रहे."

ताई, तुम्ही गाव सोडलंत हे एका ओळीने तरी कळवायचं होतंस. पण जाऊ दे. तुला अखेर शहाणपण सुचलं याचाच आनंद जास्त आहे. मी फोटो जोडून अहवाल दिला: 'गाव बेचिराग. येथे कोणीही राहत नाही.' साहेब खूश. म्हणाले, चला, एक तरी गाव पैसे मागणार नाही. माझं प्रमोशनही झालं.

आता आहेस कुठे? पुन्हा मुनिरक्यात खोली घेतलीस का? मावशीला मी सांभाळून घेईन. चिवडा मी आणि ड्रायव्हरने संपवला.

तुझा,
नचिकेत


बेलाखादर
१४ ऑक्टोबर २०२५

नचिकेत,

तुझं पत्र पोस्टमनने माझ्या हातात दिलं. जिथे कोणीही राहत नाही त्या गावात, माझ्या घरात, चहा घेऊन गेला तो.

गाढवा, दारं आम्ही दरवर्षी काढतो. पुराचं पाणी चढायला लागलं की सगळं गाव गुरंढोरं घेऊन पूर्वेच्या पुश्त्यावर जातं, उत्तर प्रदेशच्या बाजूच्या बांधावर. जाताना दारं उचलून नेतो. बंद दार पाण्याला अडवतं आणि मग पाणी भिंत घेऊन जातं. मोकळी चौकट असली की पाणी एकीकडून आत येतं, दुसरीकडून बाहेर जातं आणि घर उभं राहतं. तीच दारं पुश्त्यावर चार विटांवर आडवी टाकली की खाट होते, उभी केली की आडोसा होतो. शाळेच्या दारावर मी यंदा दोन महिने फळा म्हणून लिहिलं. ओल उतरली की प्रत्येकजण आपलं दार पाठीवर घेऊन घरी येतो. नवी सून आली की तिने पहिल्या वर्षी दाराचं एक टोक धरायचं, अशी रीत आहे. मीही धरलं होतं. तुझ्या आईने पाठवलेला आहेर नव्हता, पण एक टोक होतं.

तू हरियाणाच्या काठावर उभा होतास. एक हाक मारली असतीस तर गावातल्या राखणदाराने तुला नाव दिली असती. तो गच्चीवर झोपलेला असतो. पण हाक मारायला तोंड उघडावं लागतं, आणि त्यात चिवडा होता.

मी तुला खरंच मूर्ख समजत नव्हते. आळशी समजत होते. आळशी माणूस निदान नुकसान करत नाही असं वाटायचं.

आता एवढंच कर. तुझ्या साहेबांना लिही की मी नदी ओलांडली नाही, लांबून पाहिलं आणि चुकलो. तीन वाक्यं आहेत. विशेषण एकही नाही.

स्वरूपा


नवी दिल्ली
३ नोव्हेंबर २०२५

प्रिय ताई,

आधी शांत हो. मला खरंच माहीत नव्हतं. कोणाला माहीत असणार? दारं पाठीवर घेऊन फिरणारं गाव कुठल्या नियमात बसतं, सांग.

अडचण समजून घे. अहवालात 'प्रत्यक्ष पाहणी' असं लिहून मी सही केली आहे. आता 'लांबून पाहिलं' असं लिहून दिलं तर चौकशी लागेल आणि प्रमोशन मागे जाईल. मुलीची अॅडमिशन, घराचा हप्ता, सगळंच. मी एकटा असतो तर गोष्ट वेगळी होती. पण माझंही घर आहे.

शिवाय यादी जाहीर झाली आहे. हरकती घ्यायची मुदत महिनाअखेरपर्यंत आहे. मात्र रहिवाशांची हरकत चालणार नाही, कारण नोंदीप्रमाणे तिथे रहिवासीच नाहीत. बाहेरच्या एखाद्याचा गावाशी संबंध असेल आणि त्याने गाव प्रत्यक्ष पाहिलं असेल, तर त्याची हरकत चालते. असं कोण आहे? आपल्या घरात तुझ्यासाठी कोणी सही करेल असं मला वाटत नाही.

एक सांगू, रागावू नकोस. मोठ्या भावासारखं सांगतो, वयाने लहान असलो तरी. यातून चांगलंच होईल. शाळा गेली की तुला तिथे राहायचं कारण काय? दिल्लीत मराठी मुलांना शिकवणारं माणूस आता शोधून सापडत नाही. मी मावशीला फोन करून सांगितलं की ताईचं गाव यादीतून गेलं, आता ती येईल. मावशीने लगेच फोन ठेवला. पण तिला बरं वाटलं असणार.

तुझा,
नचिकेत


बेलाखादर
१२ नोव्हेंबर २०२५

नचिकेत,

सरपंचांच्या सासूबाईंनी सगळ्या गावाच्या सह्या-अंगठे घेतले आणि अर्ज पाठवला होता. काल परत आला. वर लिहिलंय: 'अर्जदारांचा पत्ता अस्तित्वात नाही.' परत मात्र बरोबर त्याच पत्त्यावर आला.

एप्रिलपासून शाळा पलीकडे जाणार. ज्या मुलींना मी बेरीज शिकवली त्या आता खरबुजांची राखण करतील. त्यांच्या आया मला विचारतात, "मास्टरनी जी, तुम्हारा भाई तो दिल्ली में बड़ा अफसर है ना?" मी हो म्हणते. लाज मला वाटते, कारण तुझ्या वाट्याची लाजही मलाच वाटावी लागते.

मी कुठेही येणार नाही. जे घर दरवर्षी वाहून जाऊ शकतं ते मी नऊ वर्षं सांभाळलं. जे कधीच वाहून जाणार नव्हतं तिथे मला बसायला जागा नव्हती.

यापुढे लिहू नकोस.

स्वरूपा


पहाडगंज, नवी दिल्ली
२५ नोव्हेंबर २०२५

चि. नचिकेत यास,

आशीर्वाद लिहायची सवय आहे, म्हणून लिहिते. पोचले नाहीत तरी चालेल.

तू फोनवर म्हणालास, मावशी, आता ताई येईल. मी फोन ठेवला आणि खरंच पेढे आणायला निघाले. तुझा अंदाज बरोबर होता, मला बरं वाटलं होतं. वाटेत तुमच्या कार्यालयाची यादी पाहून घ्यावी म्हटलं. चौतीस वर्षं सरकारी नोकरी केली, कागद डोळ्यांनी पाहिल्याशिवाय माझा विश्वास बसत नाही. त्यात गावापुढे छापलेलं होतं, 'येथे कोणीही राहत नाही.'

नऊ वर्षं मी हेच म्हणत आले. शेजारी, मैत्रिणी, भिशीतल्या बायका, सगळ्यांना. कोणी विचारलं की माझी मुलगी तिथे राहतच नव्हती. पण ते मी म्हणायचं होतं रे. ती माझी मुलगी, माझा राग, माझं खोटं. तू कोण ते छापणारा? आणि छापलेलं वाचलं तेव्हा पहिल्यांदा मला ते खरं होईल अशी भीती वाटली. पेढे आणले नाहीत.

मग तुझ्या आईकडे जाऊन स्वरूपाची सगळी पत्रं घेऊन आले. तू ती जेवताना वाचून दाखवायचास म्हणे. वाचली. तुझ्या पत्रांची कल्पना तिच्या उत्तरांवरून आली. माझ्या हाताखाली तू असतास तर पहिल्याच वर्षी तुला टपाल फाडायला बसवलं असतं. नदीच्या काठापर्यंत जाऊन परत आलास आणि 'प्रत्यक्ष पाहणी' लिहिलंस. आमच्या वेळीही कामचुकार होते. पण ते निदान घरी बसून खोटं लिहायचे, सरकारी पेट्रोल जाळून नाही.

आज सकाळी कस्तुरबा गांधी मार्गाला तुमच्या कार्यालयात आले होते. तुला भेटायला नाही. हरकतीच्या खिडकीवर अर्ज दिला. त्यात 'गावाशी संबंध' असा रकाना आहे. मी लिहिलं, 'माझी मुलगी स्वरूपा तेथे राहते व शिकवते.' जावयाचं नाव लिहिलं. नातवाचं नाव लिहायचं होतं, पण ते मला माहीत नव्हतं. नातू आहे की नात, हेही नाही. पत्रांत ती कुठेच लिहीत नाही, आणि का लिहील? तेवढी जागा कोरी ठेवली.

खिडकीवरच्या मुलीने सगळं नीट वाचलं. मग म्हणाली, "माताजी, आपने गाँव अपनी आँखों से देखा है?" मी म्हटलं, नहीं. ती म्हणाली, "बेटी को वहाँ कितने साल हुए?" मी म्हटलं, नौ. तिने मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि अर्ज हळूच माझ्याकडे सरकवला. प्रत्यक्ष पाहिलेलं नसेल तर चालत नाही. नियम बरोबर आहे. मी असते तर मीही परत केला असता.

मुदत संपायला अजून चार-पाच दिवस आहेत. उद्या सकाळच्या बसने मी बेलाखादरला जाते आहे. पीप्यांचा पूल लागला आहे असं डेपोतल्या माणसाने सांगितलं. नसला तर नावेला हाक मारीन, मला हाक मारायची लाज नाही. परत येऊन त्याच खिडकीवर हाच अर्ज देईन. मग तुझं प्रमोशन राहिलं की गेलं ते तू तुझ्या आईला सांग, मला सांगू नकोस.

स्वरूपाला कळवायचं नाही. तिला कळलं तर येऊ नकोस म्हणेल, आणि मी लगेच ऐकेन.

सरलामावशी